फिनलंडचे टाउनोसाहेब

३ नोव्हेंबर, सोमवार
आजपासून लग्नाचं शूटिंग बंद. कायमचं. फिनलंडचे डायरेक्टर-लेखक टाउनोसाहेब पासली गावात पिक्चर काढायला आलेत. सामान उचलायला माणूस हवाय म्हणाले. म्हणजे असोसिएट डायरेक्टरच की! पडद्यावर नाव येणार: शाकिर, भोर. बायको म्हणाली, ह्यांचं नाव कधी ऐकलं न्हाई. हुमानं ऐकलं नाही म्हणजे माणूस भारीच असणार.

५ नोव्हेंबर
साहेबांची माहिती काढली. चाळीस वर्षांत तीन पिक्चर, दोन पुस्तकं. शेवटचा पिक्चर बघायला अकरा माणसं, त्यातली सहा युनिटचीच. वा! गर्दी काय, माकडवालाही जमवतो.

८ नोव्हेंबर, दुपारी २
साहेबांना माझी स्टोरी ऐकवली. दर सीनला 'एइ' म्हणाले. आपल्यात जवळच्या माणसालाच 'एय' म्हणतात. चौदा सीन, चौदा वेळा. डोळे भरून आले.

९ नोव्हेंबर
हुमानं मोबाईलवर बघितलं. त्यांच्या भाषेत 'एइ' म्हणजे न्हाई. असू दे. चौदाच्या चौदा ऐकून तर घेतले.

१४ नोव्हेंबर
शूटिंगचा पहिला दिवस. पासलीचे शेतकरी सोनबाकाका भात झोडत होते. साहेब चार तास नुसते बघत बसले. कॅमेरा उघडलाच नाही. काका म्हणाले, रिकामे बसलाय तर पेंढा तरी उचला. साहेबांनी उचलला. मीही उचलला.

२० नोव्हेंबर
तिकडच्या प्रोड्युसरनं हात वर केले. युनिट गेलं. साहेब पायरीवर बसून रडले. मग मीही थोडा रडलो. घरी घेऊन आलो. हा पिक्चर मी पुरा करणार, म्हणजे करणारच. तोवर नसरापूरचं एक लग्न घेतो. एकच. साहेबांचाही वेळ जाईल.

२३ नोव्हेंबर, रविवार
नसरापूर. तिकडं अक्षता पडतायत, आणि साहेब आपला कॅमेरा घेऊन मंडपामागं! नवरीचा बाप नळावर तोंड धूत होता, त्याचं शूटिंग करत बसले. फुटेज वाया. मोठ्या मनानं माफ केलं.

२ डिसेंबर
नसरापूरवाल्यांनी नळाचा तेवढाच तुकडा परत परत लावला. सगळं घर रडलं म्हणे. पाच ऑर्डरी आल्या. शेवटी कळलं लोकांना माझं काम! फक्त सगळे विचारतात, फॉरेनवाले येणार ना?

१४ डिसेंबर, रविवार
उत्रोली. साहेबांनी माझा कॅमेरा मागितला. दिला. मी लाईट धरली. जवळून डायरेक्शन शिकता येतं. हळदीत नवरीची मावशी रतनबाई म्हणाल्या, अवो लाईटवाले, जरा सरा की, सायेब दिसंना झालेत.
लई जिव्हारी लागलं. पण सरलो. खरंच मीच मधे आलो होतो.