सदूच्या चित्रावरचा हात

अश्विन शु. ११, शनिवार

आधी आली ती शेजारची गोदी. पाव्हणे मागून आले. आटगावच्या ठेसनात कुणी उतरलं की हिला घरबसल्या कसं कळतं, देव जाणे. "वयनी, लुगडं बदल गो! तुझ्याकडं ममईची माणसं येतायत. बाईच्या पायात चपला हायेत!" मी शेणाच्या हातानं तशीच उभी.

बाईंचं नाव लीलाबाई. पोरांची पुस्तकं लिहितात. बरोबर एक चष्मेवाला, तो पुस्तकांतली चित्रं काढतो. दोघं मिळून आमच्या सदूचं पुस्तक करणार! सदू म्हणजे माझा धाकटा, मुंबईला चित्रं काढतो तो. त्याच्या सगळ्या जन्माची गोष्ट, चित्रं घालून, पोरांसाठी. पुस्तक काय ते राजांचं नाही तर मेलेल्यांचं. म्हटलं, "बाई, तो बरा हाय ना?"

"अगदी ठणठणीत! फार मोठे झालेत ते आता."

मोठा झाला. सोनी पाळण्यात होती तेव्हा घरी आला होता, तेवढाच. सोनी माझी नात, थोरल्याची. आता शाळेत जाते, माझ्या पाटीवरच्या चुका काढते.

गुळाचा चहा दिला. लढाईमुळं कागद मिळत नाही, तर पुस्तक पातळ होईल म्हणाल्या. पातळ तर पातळ. गावात इतरांच्या पोरांचं जाडं तरी कुठं आहे.

अश्विन शु. १२, आयतवार

काल पेन्सिल बोथटली. राहिलेलं आज. (रात्रीच्या वर्गाचे मास्तर सांगतात, लिहिताना नाही म्हणा, नाय नको. म्हणते आहे.)

पाव्हण्यांनी विचारलं, सदूभाऊ लहानपणी काय काढायचे? काय काढायचा? काही नाही. बघत बसायचा. माझ्या माहेरी मुरबाडला आई भिंत सारवत होती, हा समोर मांडी घालून. ओली होती तोवर काळपट, सुकेल तशी फिकी. अर्धी सुकली आणि अर्धी राहिली म्हणून पोरगा जेवायला उठेना. आई म्हणाली, "याला कशानं झपाटलं काय गो?" आईचं सारवण असं की माशी घसरेल. तिच्या हाताला जे होतं ते माझ्या हाताला आलं नाही, माझ्या सुनेच्या तर नाहीच. असो. लीलाबाईंनी हे भराभर लिहून घेतलं. भिंत सुकली यात लिहिण्यासारखं काय, मला कळलं नाही.

मग चष्मेवाल्यानं कच्ची पानं दाखवली. एका पानावर मिशीवाला बाप, हातात काठी. पुढं पोरगा रडतो.

"हा कोण?"

"सदूभाऊंचे वडील."

"अवो, यांनी कधी बोट नाय लावलं त्याला!"

लीलाबाईंनी ते पान मिटलं. मग हळू विचारलं, "मग ते घरी का येत नाहीत?"

सांगितलं. शेवटचा आला तेव्हा एक चित्र आणलं होतं. आमच्या म्हाताऱ्यानं (यापुढं म्हा. लिहीन, पेन्सिल वाचेल) विचारलं, हे काय हाय? सदू म्हणाला, काय नाय बाबा, रंग हाय. म्हा. हसला. "काय नाय करायला एवढा शिकलास?" ओटीवरची माणसंही हसली. सदू भरल्या ताटावरून उठला. एवढंच. काठी कुठली नि काय.

चष्मेवाला म्हणाला, "आजी, हसणारा बाप काढला तर मुलांना वाटेल घर आनंदात आहे."

तेही खरं. मग काठी ठेवायची ठरली की पुसायची, माझ्या ध्यानात नाही.

पौर्णिमा, बुधवार

मुख्य गोष्ट लिहायचीच राहिली! जाताना पाव्हण्यांनी धोतरात गुंडाळलेलं एक चित्र माझ्या हाती दिलं. सदूनं घरी धाडलं. पुस्तकाच्या शेवटच्या पानावर हेच छापायचं, पण सदू म्हणाला, आधी दिवाळीभर घरात राहू दे. भाऊबीज झाली की दुसऱ्या दिवशी, आयतवारी, पाव्हणे न्यायला येणार. लीलाबाईंनी चुलीपाशी मला एकटीला सांगितलं, "बाबा चित्राला बरं म्हणाले, असं कळलं तर सदूभाऊ स्वतः ठेसनावरून आमच्याबरोबर घरी येतील. पण बाबांना सांगायचं नाही. त्यांनी आपणहून म्हणायला हवं."

आता आली का पंचाईत! आपणहून म्हा. जेवायला वाढ एवढंही म्हणत नाही, पाटावर येऊन बसतो.

चित्र असं: सगळं तांबडं, गेरूसारखं. कुठं दाट, कुठं विरळ. एका कोपऱ्यात पांढरं, वाटीएवढं. बास. कणगीशेजारच्या खुंटीला टांगलं. पांढरं वर की खाली? सोनीनं दोन्हीकडून धरून बघितलं. वर ठेवलं, चंद्रासारखं. आज पुनव आहे म्हणून.

अश्विन व. ४, आयतवार

गाव लोटलं बघायला. गोदीनं नाक लावून बघितलं. "यात देव कुठं हाय गो?" म्हटलं, नाय. तरी तिनं हात जोडले, चुकून असला तर असावा.

सोनी काल म्हणाली हे आपलं खळं हाय, झाडावरनं बघितल्यासारखं. आज म्हणते तांब्या बैलाची पाठ. मला दोन्ही पटतं. मला चूलही दिसते त्यात.

म्हा. त्याच्याकडं पाठ करून जेवतो. मी म्हटलं, "अवो, ती खुंटी ढिली झाली काय, बघा जरा."

"खुंटी बरी हाय." मान वर न करता!

अश्विन व. ११, आयतवार

खालच्या शेतातलं भात कापून झालं. कंबर मोडली. म्हा. चित्राचं काही म्हणत नाही. कणगीमागं उंदीर दिसला असंही सांगून बघितलं. त्यानं मांजर धाडलं.

कार्तिक शु. १, पाडवा, शुक्रवार

कसं लिहू.

सकाळी तांदळाचं पीठ पाण्यात कालवून वाडगा म्हा.पुढं ठेवला. दर पाडव्याचं आमचं. घरधन्यानं पिठात पंजा बुडवायचा नि बैलांवर, नांगरावर, कणगीवर, दारावर पांढरा हात उठवायचा. जे जे घराचं, त्याला हात. मी गोठ्यात ओवाळायला गेले. परत येते तो सोनी दारात डोळे फाडून उभी. "आजे, आज्यानं बघ काय केलं!"

चित्राच्या मधोमध हात. अर्ध्या करंगळीचा. म्हा.ची करंगळी विळ्यानं गेलेली, दुसऱ्या कुणाचा असूच शकत नाही. पीठ खाली ओघळत होतं.

"अवो, ह्याच्यावर कशाला?"

"घरातलं हाय ना?"

"हाय, पण..."

"मग झालं." आणि वाडगा घेऊन नांगराकडं गेला.

म्हणजे बरं म्हणाला? की काय म्हणाला? दिवसभर आनंदानं घरभर फिरते आहे नि मधेच मटकन बसते आहे. मोठ्या चित्रकाराचं चित्र, छापायचं, नि त्यावर पीठ!

भाऊबीज, शनिवार

ओलं फडकं घेऊन उभी राहिले. ठेवलं. परत घेतलं.

गोदी म्हणते, "पूस गो बाई! ममईची माणसं काय म्हणतील? चित्राची पार वाट लावली."

सोनी म्हणते नको. आता कळतं कशाचं हाय ते.

"कशाचं?"

"आज्याचं."

पुसलं तर म्हा. म्हणेल, माझा हात नकोसा झाला. नाही पुसलं तर सदूला वाटेल, बाप पुन्हा हसला. पाडव्याचा हात सदूलाही ठाऊक आहे, लहानपणी वाडगा तोच धरायचा. पण मुंबईत राहून विसरला असला तर? नि शेवटचं पान? लीलाबाईंना काय सांगू? बरं हा शब्द त्यानं तोंडातून काढलाच नाही. खोटं कसं सांगू. खरं तरी कसं सांगू.

पीठ सुकलं तसे पापुद्रे सुटतायत. करंगळीचा एक पडला. वाऱ्यानं आणखी पडतील म्हणून मी दार लोटून घेतलं, सोनीला म्हटलं इथं उड्या नको मारू. मग बघते तर फडकं माझ्या खांद्यावर कोरडं झालेलं.

अंगणात म्हा. गाडीत पेंढा भरतोय. सकाळी आटगावला जायचं म्हणतो. मी बाहेर जाऊन म्हटलं, "दोन पाव्हण्यांना बसायला एवढा पेंढा कशाला?"

"तू आत बस गो."

मी तर त्याला सदूचं काय सांगितलं नाय. ही वही सोनी वाचते, ती बोलली काय?

उद्या आयतवार. पाव्हणे सकाळच्या गाडीनं येतो म्हणालेत.