पाट्यांवरच्या विहिरी

माझ्या पोराने, अमोलने, फुलांच्या सगळ्या पाट्यांना निळा रंग फासला आणि वर स्वतःचा मोबाइल नंबर लिहिला. तो रंग आधी उतरवावा, मग वाटणीचं नाव काढावं. वकील म्हणाले, बाई, पहिल्यांदा अक्कल ठिकाणावर आहे असं लिहा. आहे. मी चतुराबाई धोंडीराम विधाते, वय बावन्न, राहणार पंचवटी, धंदा फुलांचा, शाळा तिसरीपर्यंत, कोणाच्या दाबाखाली न येता हे लिहिते. दाबणार कोण? मालक होते, तेच मला भीत. सोमवारी पोटाचं ऑपरेशन. डॉक्टर म्हणतात काही होत नाही. पोट त्यांचं नाही.

टेम्पो अमोलला. माझ्या नावावरचं घर लेक हर्षालीला, ती निफाडला नांदत असली तरी. कुरकुर नको. मागच्या खोलीत चार वर्षं मूसा भाड्याने होता, माली देशातला, वाळवंटात उंट घेऊन फिरणाऱ्या तुआरेग लोकांतला, कॉलेजात शिकायला आलेला. तिकडं लढाई पेटली, घरचे सरहद्दीपार छावणीत गेले, याला परतायला ठिकाण उरलं नाही. त्यांच्यात तंबू बाईचा. भांडण झालं तर नवरा बाहेर. तोंडही पुरुषच झाकतात. मी म्हटलं, "मूसाभाऊ, माझं स्थळ तुमच्याकडं बघायला हवं होतं."

त्याची आई छावणीत वारल्याचं कळलं, त्या दिवशी तो अंगणातल्या मातीत बोटाने अक्षरं काढत बसला. आईने वाळूत शिकवलेली, एकेका अक्षराला वाटेवरच्या एका विहिरीचं नाव. "हे बाईनं पुढं द्यायचं असतं, आक्का. तू सांभाळ." सांभाळलं. ते उंटावर खूण डागतात, मी पाट्यांवर काढली. मग बाजारातल्या फुलवाल्यांची सगळी रांग आम्हालाही खूण दे म्हणत मागे लागली. कुसाबाईला गोलात टिंब दिलं. ती गिऱ्हाइकाला सांगते, "माझ्या विहिरीचं पाणी गोड." घोटीच्या पलीकडं गेलेली नाही ती.

शहाण्णवला समेट झाला, मूसा परत गेला. परवा त्याचा फोन आला. बायको बाळंतपणात गेली, मुलगी फादी सात वर्षांची, शिकवायला घरात बाई नाही, दिवाळीला घेऊन येतो. मी हसले, मग रडले, मग त्याला झेंडूचा भाव सांगितला.

म्हणून अक्षरं आणि विहिरी हर्षालीला. मी उठले नाही तर फादीला तिने शिकवावं. ती म्हणते, "आई, माझा कंप्युटरचा क्लास आहे." असू दे. नाही म्हणाली तरी घर तिचंच, तंबूचा कायदा मी मोडत नाही. पण मग विहिरी कुसाबाईकडं जातील आणि ती सगळ्यांचं पाणी गोड सांगेल. दोन खारट आहेत. एक आटलेली आहे, ती माझ्या पाटीवर. त्या पोरीला हे खरं कळलं पाहिजे, तिची माणसं त्याच वाटेने गेली.

सही: चतुराबाई, शेजारी माझी खूण, फुली.
साक्षीदार: झुंबरबाई, भागीबाई. दोघींनी आपापली विहीर काढली, वकिलांनी कपाळाला हात लावला.
पंचवटी, नाशिक, २० ऑक्टोबर २००४.

हर्षाली, शुक्रवारी दसरा. सोनं द्यायला येशील तेव्हा हो की नाही ते उंबऱ्यातच सांग. हो असेल तर शनिवार-रविवार अंगण सारवायचं नाही, मला माती मोकळी लागेल.