पागोट्याची नोकरी

१२ जुलै १९५८, सिंदेवाही

जिंकलो! हायकोर्टाने अर्ज मान्य केला. वकिलांची तार दुपारी आली. माझ्याबरोबरचा नाकेदार देवाजी, त्याला वाचून दाखवली. जमीनदारीच्या जंगलात केलेली आमची चाकरी सरकारी नोकरीत धरायची! जमीनदारी सरकारजमा झाल्यापासून कालची पोरे फॉरेस्टर होत गेली आणि आम्ही जुने लोक नाकेदारच.

कोर्ट विचारत होते, नेमणुकीचा कागद कुठे? जमीनदारीत कागद कुणाला मिळाला! दसऱ्याला मालक भर कचेरीत डोक्यावर पागोटे ठेवीत, की माणूस चाकरीला लागला. हा मुद्दा वकिलांचा नव्हे — माझा. 'पागोटे ही भेट नव्हे, नेमणूक होय' हे वाक्यही माझेच. शाळा चौथीपर्यंत, कायदा घरी बसून वाचला. वाक्य निकालात जसेच्या तसे उतरले, असे तारेतच आहे.

देवाजी म्हणाला, "भाऊ, तुमी वकील झाले असते तं आमी जंगलात कायले सडलो असतो!"

१३ जुलै

अर्ध्या गावाला चहा पाजला. बायको भागीरथा चिडली — "साखर का झाडाले लागते?"

२९ जुलै

चांद्याहून परतलो.

जंगल खात्याच्या कचेरीत हेडक्लार्क गुणवंतराव म्हणाले, "अभिनंदन! फॉरेस्टर झालात. आणि रिटायरही झालात." मला थट्टा वाटली. हसलोसुद्धा!

थट्टा नव्हती. पागोटे १९२० च्या दसऱ्याला मिळाले, हे शपथेवर मीच लिहिले. अठराच्या आत सरकारी नेमणूक नाही. म्हणजे तेव्हा मी अठराचा. म्हणजे आज छप्पन्नचा. पंचावन्नला घरी!

अहो, मी बारा वर्षांचा होतो! वडील तापाने गेले. चाकर गेला की येत्या दसऱ्याला पागोटे त्याच्या मुलाच्या डोक्यावर — ही तिथली चालच. माझ्या तर कानांवर उतरले होते. एका हाताने सावरून मुजरा केला आणि दुसऱ्या दिवसापासून जंगलात. वकिलांनी वय विचारले नाही. तारीख बिनचूक दिली, यातच मी खूश!

"एक्कावन्न साली सरकारात घेताना तुम्हीच माझे वय त्रेचाळीस लिहिलेत," म्हटले.

"ते अंदाजाने. हे शपथेवर." मग हळूच म्हणाले, "तेव्हा लहान होतो असे सोमवारपर्यंत लिहून द्या. नोकरी राहील. पण लहान मुलाच्या डोक्यावरचे पागोटे म्हणजे कौतुकाची भेटच झाली. मग साहेब अपिलात जाणार."

३० जुलै

नाक्यावर बसलो. लाकडाच्या दोन गाड्या न तपासता सोडल्या. मी!

१ ऑगस्ट

देवाजीला कळलेच. ओसरीवर बसला नाही, उभाच. त्याच्या बढतीचा हुकूम तयार आहे.

"भाऊ, मले पागोटं भेटलं तवा माहं लगन झालं होतं. पन तुमचं भेट ठरलं तं माहंबी भेटच ठरन न?"

मग तोच म्हणाला,

"तुमी काईबी लिवा. मी काई म्हनत नाई."

असे चार वेळा म्हणून गेला.

३ ऑगस्ट

भागीरथा म्हणते, "लहान होते तं लहान होते. खरं लिवाले काऊन भेता?"

खरे लिहिले तर माझी नोकरी राहते, निकाल जातो. खोटे लिहिले तर निकाल राहतो, मी जातो. असे कोणत्याच पुस्तकात वाचले नव्हते!

४ ऑगस्ट

साहेबांनी वय विचारले. छप्पन्न, म्हणालो. एकाच कागदावर दोन हुकूम — वर फॉरेस्टर, खाली निवृत्ती.

घरी येऊन सांगितले. भागीरथा म्हणाली, "म्हंजे माह्या बापानं मले बुढ्याले देलं होतं म्हना न!"