रेवाची खुर्ची

मी, काशिराम पोशा घरत, वय शहात्तर (शाळेच्या दाखल्यावर चौऱ्याहत्तर आहे, ते मास्तरांनी लावलं, मी नाही), राहणार करंजाडे, तालुका पनवेल, पूर्वी जहाजावर खलाशी, आता घरी, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोकं ठिकाणावर आहे. तसा डॉक्टर कोमल बाईंचा दाखला मागे टाचला आहे आणि टाचणी गंजू नये म्हणून वर प्लॅस्टिक लावलं आहे. मला कोणी धाक, लालूच किंवा दारू दिलेली नाही. शिक्षण सातवी, म्हणून चुका असतील, पण अर्थाला धक्का लागू नये. प्रत्येक पानाखाली सही आहे. सही नसलेलं पान मध्ये निघालं तर ते माझं नाही.

१. माझी पत्नी वेणू हिने या घरात शेवटपर्यंत राहावं. तिला कोणी उठवू शकत नाही, बिल्डरसुद्धा नाही. पनवेलच्या बँकेतल्या माझ्या सगळ्या ठेवी तिच्या. तिने रात्री गॅसचं बटण दोनदा बघावं. ती एकदाच बघते.

२. दोर विणायच्या माझ्या लोखंडी सुया, पाना आणि पितळी शिट्टी मुलगा गुरुदत्त याला. तो बेलापूरला कचेरीत बसतो, त्याला त्यांचा उपयोग नाही, पण विकू नयेत. माझी शिडी चुलतभाऊ पांडुरंग याच्याकडे आहे. ती त्याचीच आहे असं तो सांगतो. वरच्या पायरीवर का. पो. घ. कोरलेलं आहे. शिडी त्याने ठेवावी, पण ती अक्षरं बघून चढावं.

३. ताहेर अब्दुल गनी मुकादम, राहणार पनवेल, माझा जहाजावरचा सोबती. त्याला माझा ट्रान्झिस्टर द्यायचा होता. साक्षीदाराला काही देऊ नये असं वकिलांनी सांगितलं, म्हणून तो कालच त्याच्या हातात दिला आणि इथून वगळला.

४. आता घर. हे कलम लांब आहे आणि सगळं मृत्युपत्र याच्यासाठीच आहे.

विमानतळात आमचं गाव गेलं. टेकडी फोडली, खाडी भरली, त्या बदल्यात करंजाड्याला भूखंड मिळाला आणि त्यावर हे घर उभं राहिलं. गेलेली जमीन वडिलोपार्जित नव्हती. मी जहाजाच्या पगारातून घेतलेली, म्हणजे स्वकष्टार्जित होती. तेव्हा तिच्या बदल्यातलं हे घर कोणाला द्यायचं हे मी ठरवीन.

गुरुदत्तने शिमग्यानंतर एक हक्कसोडपत्र टाइप करून आणलं. घर बिल्डरला द्यायचं तर कागद स्वच्छ हवेत, बहिणीने सही केली की झालं, असं त्याचं म्हणणं. तो वाईट नाही. म्हणाला, “अप्पा, सगळेच करतात. आत्याने पण केलीच ना सही?” केली. माझी बहीण चंद्रावती हिची सही थोरल्या भावाने एक साडी देऊन घेतली, तेव्हा मी समुद्रावर होतो. पुढे ती सणाला आली की उंबऱ्याजवळच बसायची. आत ये म्हटलं तर म्हणायची, “इथंच बरी हाय.”

माझी मुलगी रेवा चिरनेरला दिली आहे. ती सहीला तयार होती. मला म्हणाली, “अप्पा, करून टाकते ना मी. दादाशी वाकडं नको. गौरीच्या सणाला यायला दार उघडं पायजे.” त्या दिवसापासून मला झोप नाही. जमीन गेल्याची काळजी मला एवढी नव्हती.

मी काय ठरवलं ते कळण्यासाठी बानाबा बेटाची हकीकत लिहिणं भाग आहे. ताहेर म्हणतो, “काशिरामभाय, मौतपत्रात इतिहास कशाला लिवतोस? लोक मय्यतीला आले ते शाळेत बसतील.” बसू देत.

पॅसिफिक महासागरात, फिजीच्या वर, बानाबा नावाचं लहानसं बेट आहे. गोरे त्याला ओशन आयलंड म्हणत. आमचं जहाज तिथून फॉस्फेट भरायचं, म्हणजे शेतात टाकायच्या खताची माती. साहेबाने ते बेट आठ दशकं खणलं. मोठ्या लढाईत जपान्यांनी तिथल्या माणसांना दुसऱ्या बेटांवर हलवलं होतं. लढाईनंतर साहेबाने त्यांना परत आणलं नाही, लांब फिजीतल्या राबी बेटावर नेऊन ठेवलं. बानाबावर उरले चुनखडीचे सुळके.

१९७९ साली त्या सुळक्यांत मला एक म्हातारा भेटला. घडीची खुर्ची टाकून बसला होता. फिजीत आपली माणसं पुष्कळ, त्यांच्याकडून तो थोडं हिंदी शिकला होता. दोन सुळक्यांमधल्या खड्ड्याकडे हात करून म्हणाला, “ई हमार जमीन.” मी म्हटलं, बाबा, यात काही उरलं नाही, राबीला घर आहे, मग इतक्या लांब येऊन बसतोस कशाला? तो म्हणाला, नाही बसलो तर ते म्हणतील, सोडली.

त्याच वर्षी १२ जुलैला इंग्रजाने त्या बाजूची बेटं मोकळी केली आणि किरिबाती हा देश झाला. आम्ही जहाजाच्या रेडिओवर ऐकलं. बानाबाच्या लोकांना वेगळं व्हायचं होतं, ते लंडनपर्यंत भांडले, पण त्यांना किरिबातीतच ठेवलं. मी म्हाताऱ्याला बिडी देऊन अभिनंदन केलं. बिडी घेतली आणि म्हणाला, झेंडा चांगला आहे, पण आम्हाला कुठे विचारलं?

मात्र त्या देशाच्या घटनेत एक कलम घातलं. बानाबाचा माणूस राबीला राहिला म्हणून त्याची बानाबावरची जमीन जात नाही. आणि राबीच्या लोकांची एक खुर्ची किरिबातीच्या संसदेत कायम. मी ताहेरला तेव्हाच म्हटलं होतं, याला म्हणतात लिहिणं. मला शंका होती की एवढ्या वर्षांत कोणी ते खोडलं असेल. रेवाची मुलगी अनुष्का हिने मोबाइलवर शोधलं. कलम आहे.

आणखी एक. शेजारच्या नाउरू बेटाला १९६८ साली स्वातंत्र्य मिळालं. फॉस्फेट त्यांचं, पैसा त्यांचा. स्वतःची विमानं घेतली, परदेशात उंच इमारती घेतल्या. मग फॉस्फेट संपत आलं आणि इमारतीही गेल्या. आमच्या गावात भरपाई आली तेव्हा दारोदार काळ्या गाड्या उभ्या राहिल्या. आता त्यातल्या किती आहेत ते गुरुदत्तने मोजावं आणि मग बिल्डरला फोन करावा.

वेणूने हे सगळं ऐकलं आणि म्हणाली, “तुमी त्या बेटावर राहिलाव असता तरी चाललं असतं, इथं चहा तरी वाचला असता. पण पोरीचं लिवा. बरोबर हाय.”

५. म्हणून असं लिहून ठेवतो:

घर आणि भूखंड गुरुदत्त आणि रेवा यांना अर्धा अर्धा. रेवा चिरनेरला राहते, सासरी राहते, उद्या कुठेही राहील, त्याने तिचा हक्क कमी होत नाही.

हॉलमधली सागाची हातवाली खुर्ची रेवाची. घर विकणं, पाडणं, बांधणं यांची बोलणी होतील तेव्हा रेवा तिच्यावर बसलेली असली पाहिजे. ती नसताना झालेला ठराव हा ठराव नाही. खुर्चीचा मागचा पाय हलतो, तो आधी ठोकून घ्यावा.

आणि मुख्य. रेवाने गुरुदत्तच्या किंवा त्याच्या घरातल्या कोणाच्याही नावे आपला हिस्सा सोडला, तर तो हिस्सा त्यांच्याकडे जाणार नाही. त्याच क्षणी तो अनुष्काचा होईल. वकिलांना हे तीनदा विचारलं, तिसऱ्यांदा ते चिडले, म्हणजे पक्कं असावं.

६. आज सकाळी दोन्ही मुलांना बोलावून हे वाचून दाखवलं. नंतर बाहेर वेगळ्या गोष्टी व्हायला नकोत म्हणून जे बोलणं झालं तेही लिहितो.

गुरुदत्तने पाचवं कलम स्वतः दोनदा वाचलं. म्हणाला, “म्हणजे तिची सही घेऊन मला काही मिळणार नाही.”

मी म्हटलं, “नाही.”

“आणि तिने दिली तरी?”

“तरी नाही.”

सूनबाई चारुता आतून म्हणाली, “मग तो टाइप केलेला कागद कपाटातून काढा. मला तिथे साड्या ठेवायच्यात.”

रेवा उंबऱ्याजवळ उभी होती. म्हणाली, “दादा, मग गौरीला येऊ ना?”

गुरुदत्त हसला. “ये की. आता तुझ्याकडे माझं काही काम नाही. नुसती ये.”

ती आत आली आणि खुर्चीत बसली. खुर्ची हलली. गुरुदत्त हातोडी आणायला गेला.

वरील मजकूर मला मान्य आहे. खाडाखोड दोन ठिकाणी आहे, तिथे बाजूला सही केली आहे.

लिहून देणार: काशिराम पोशा घरत (सही, आणि खबरदारी म्हणून डाव्या हाताचा अंगठाही)

आम्हा दोघांसमक्ष यांनी सही केली व यांच्यासमोर आम्ही केली:
१. ताहेर अब्दुल गनी मुकादम, पनवेल
२. डॉ. कोमल निनाद ठोसर, करंजाडे

स्थळ: करंजाडे, पनवेल
दिनांक: १२ जुलै २०२६. आज रविवार असल्याने कचेरी बंद आहे. नोंदणी उद्या. पण तारीख हीच धरावी.