दोन विहिणी आणि आरोंद्याचा नाका

॥ श्री ॥
तोंडवली, ता. २८ जुलै १९५५

सौ. यशोदा विहीणबाई यांस,
नर्मदेचा सप्रेम नमस्कार, वि. वि.

आनंदी रविवारी पहाटे सुखरूप बाळंत झाली. मुलगी आहे. नाकडोळे आमच्या घराण्याचे, असे लिहिणार होते; पण कपाळ पाहिले की जावईबापू गुरुदासच आठवतात, म्हणून निम्मे श्रेय तुम्हाला देते.

दोन सरकारांचे बिनसले आहे, सुनेला आत्ता खाडीपलीकडे धाडायला नको, बाळंतपण पेडण्यालाच करू, असे तुमचे म्हणणे होते. पण पहिले बाळंतपण माहेरी, हे आपल्याकडे ठरलेलेच, म्हणून मी हट्टाने तिला आणले. आता सगळे नीट पार पडले, तेव्हा राग सोडावा. फिरंग्यांच्या दिल्लीतल्या वकिलाला गाशा गुंडाळायला सांगितले, असे कट्टा गावच्या बाजारात बोलतात. सरकारांचे रुसवे सरकारांपाशी, आपल्या आरोंद्याच्या होडीला कोण अडवणार?

नाव ठेवायचा मान आत्याचा. चवथ झाली की लक्ष्मीला पाठवा, बारसे तोवर थांबवते. तिसरा महिना लागला की मायलेकी तुमच्या दारात आणून उभ्या करते.

माझ्या हट्टासकट माझ्यावर लोभ ठेवावा.
आपली,
नर्मदा

॥ श्री भगवती प्रसन्न ॥
पेडणे, ता. २ ऑक्टोबर १९५५

गं. भा. नर्मदा विहीणबाई यांस,
कृ. सा. न. वि. वि.

तुमच्या होडीला कोण अडवणार, ते आता कळले असेलच. पत्रादेवीला सत्याग्रहींवर गोळ्या चालल्या आणि त्यानंतर नाके बंद. वाटेवर इकडे पाखल्यांचे, म्हणजे तुम्ही फिरंगी म्हणता त्यांचे, शिपाई, तिकडे तुमचे पोलीस. तुमचे पत्र आरोंद्याच्या महादूने आणून दिले. तो कोणत्या वाटेने येतो-जातो ते विचारू नका, आणि सुनेला त्या वाटेने धाडायचे तर मनातही आणू नका. सापडली तर तिच्या कडेवर तान्हे पोर आहे हे कोणी पाहणार नाही.

गुरुदास इथल्या सरकारी कचेरीत कारकून. हिंदुस्थानात गेला तर परत घेणार नाहीत, असे साहेबाने तोंडावर सांगितले. आता म्हणे इकडे तुमच्या सरकारच्या वकिलातीचे काम मिसर देश पाहणार आणि तिकडे पाखल्यांचे ब्राझील. म्हणजे आजीने नातीला पाहायचे तर मिसर आणि ब्राझील यांची परवानगी हवी. लग्नात तुमच्या मानपानाला मी नावे ठेवली होती, ती मागे घेते.

लक्ष्मी तिकडे येत नाही. तिने नाव कळवले आहे, कुमुद. तिच्या वतीने बाळाच्या कानात तुम्हीच सांगा. चवथीला घरात सून नव्हती, नात नव्हती.

आहे तसा लोभ राहू द्यावा.
आपली,
यशोदा

तोंडवली, ता. २० फेब्रुवारी १९५६

सौ. विहीणबाई यांस,
सप्रेम नमस्कार, वि. वि.

महादूच्या निरोपांतून ठरल्याप्रमाणे आम्ही कट्ट्याला मोटार धरली, सावंतवाडीला उतरलो आणि तिथून आरोंदा गाठले. जावई पलीकडच्या काठावर येणार, ओळख पटावी म्हणून हाती काळी छत्री असणार, एवढेच ठाऊक होते. छत्री दिसली मात्र, आनंदीने कुमुदला दोन्ही हातांनी वर धरले. जावईबापूंना काय करू नि काय नको असे झाले. ते छत्री उघडत, मिटत, पुन्हा उघडत. कुमुद खदखदा हसली, पण ते हसू पलीकडे पोचण्यासारखे नव्हते. वारा इतका की हाकही जाईना. मी माणसांच्या हसण्याला भीत नाही, चांगली रडले.

घरी आल्यावर आनंदी म्हणाली की त्यांचा चेहरा काही दिसला नाही, नुसती छत्रीच दिसली. पुढच्या महिन्यात पुन्हा जावे म्हणते. तुम्हीही या काठावर, विहिणीचे दर्शन घ्या.

जावईबापूंना आशीर्वाद, तुमचा लोभ असतोच.
आपली,
नर्मदा

पेडणे, ता. ९ एप्रिल १९५६

गं. भा. नर्मदाबाई यांस,
कृ. सा. न. वि. वि.

काठावर पुन्हा येऊ नका. त्या दिवशी तेरेखोलच्या बाजूने कोणा शिपायाने पाहिले, आणि दुसऱ्या दिवशी गुरुदासला चौकीत नेले. छत्री किती वेळा उघडली, कितीदा मिटली, पलीकडे कोणाला खुणा केल्या, हेच दोन दिवस विचारत होते. बायको आणि मुलगी होती असे हा सांगे, तर मुलगी छत्री बघून काय समजणार, असे ते म्हणत. शेवटी त्याने सांगितले की ती हसली असेल. त्यावर त्याला मारले.

आता दर शनिवारी चौकीवर हजेरी. नाव कुठल्याशा काळ्या यादीत गेले. त्याचाच काय, आनंदीचाही अर्ज इथून मंजूर व्हायचा नाही, असे कळते. पोर घरी येतो, जेवतो, भिंतीकडे तोंड करून निजतो. माझ्या घरात मीच कोंडल्यासारखी वावरते.

आमच्या भावकीतले सांगू लागले आहेत की सून काही यायची नाही, मुलगा तरुण आहे, दुसरी करून टाका. तुमच्या कानावर बाहेरून जाण्याऐवजी माझ्याकडून जावे म्हणून लिहिले.

रागावू नये, लोभ तोडू नये.
आपली,
यशोदा

तोंडवली, ता. १२ नोव्हेंबर १९५८

सौ. यशोदाबाई यांस,
नमस्कार, वि. वि.

आमच्या बाजूने आनंदीचे परमिट झाले. चार दिवस घरात सण होता, मी खटखटे लाडूदेखील वळले. मग तुमच्या बाजूने नकार आला, कारण काही दिले नाही. छत्री, दुसरे काय!

इथे काय चालले आहे ते ऐका. तीन वर्षे नवरा न्यायला येत नाही म्हणून बायका तिला टाकलेली म्हणतात. संक्रांतीला हळदीकुंकवाला शेजारच्या जानकीने कुंकू लावताना हात आखडला. आनंदी तशीच उठून आली आणि विहिरीवर पाणी ओढत बसली, घरातली सगळी भांडी भरली तरी थांबेना. नाका काय असतो ते कोणाकोणाला समजावू? कुमुद विचारते की माझे बाबा छत्रीवाले ना, मग पावसात का येत नाहीत?

भावकीचे पुढे काय झाले, ते तुम्ही लिहिले नाही. दोन वर्षे मी विचारले नाही, आज विचारते. गुरुदासांचे दुसरे लग्न ठरले असेल तर स्पष्ट कळवा, माझ्या लेकीला वाट पाहायला लावू नका.

काय लिहू? लोभ असेल तर असू द्या.
नर्मदा

पेडणे, ता. ३० डिसेंबर १९५८

गं. भा. विहीणबाई यांस,
कृ. सा. न. वि. वि.

भावकीतले तिघे मुलीचा फोटो घेऊन आले होते. मी त्यांना चहा दिला, फोटो चुलीत घातला आणि वाट दाखवली. त्यानंतर कोणी आले नाही, आमच्या पूजेलाही नाही. ह्यांनी मला इतके कडक वागायला नको होते असे म्हटले, आणि रात्री स्वतःहून माझे पाय चेपले. गुरुदासला विचारायची गरजच पडली नाही.

सून माझी एकच. आनंदीला हे वाचून दाखवा, त्या जानकीच्या घरी जाऊन मोठ्याने वाचा.

'लोभ असेल तर' असले मला पुन्हा लिहाल तर खबरदार!
तुमची,
यशोदा

तोंडवली, ता. ६ जानेवारी १९६२

सौ. विहीणबाई यांस,
सप्रेम नमस्कार, वि. वि.

गुरुदास आले तेव्हा मी अंगणात सुकट वाळत घालत होते. आपले सैन्य गोव्यात गेले, नाका उठला, हे ऐकून होते, पण ते इतक्या लवकर पोचतील असे वाटले नव्हते. आनंदी दारात उभी राहिली आणि आत पळाली, नव्या नवरीसारखी. कुमुद त्यांना पाहुणे म्हणाली. संध्याकाळपर्यंत ती त्यांच्या खांद्यावर बसून समुद्रावर गेली.

दुसऱ्या दिवशी तिघेही गेली. इतकी वर्षे मी त्या नाक्याला शिव्या घातल्या, भगवतीला नवस केले. पण परवा रात्री एकटीने पेज घेतली, भांडे एकच विसळले, आणि देवा क्षमा कर, पण नाका पुन्हा बंद व्हावा, आणि त्या दोघी इकडे असताना व्हावा, असे मनात आले. तुम्ही माझ्या विहीण, तुम्हाला हे लिहू नये. पण दुसऱ्या कोणाला लिहू?

पोर रात्री पाण्याला उठते, तांब्या उशाशी ठेवा.

माझ्यावर राग न धरता लोभ करावा.
आपली,
नर्मदा

पेडणे, ता. १९ फेब्रुवारी १९६२

गं. भा. नर्मदा विहीणबाई यांस,
कृ. सा. न. वि. वि.

कुमुद मला आजी म्हणत नाही, 'पेडण्याची बाई' म्हणते. मी तिच्यासाठी नेवऱ्या, तुमच्या करंज्याच त्या, केल्या, तिने तोंड फिरवले. आनंदी तिला दटावू पाहते, मीच थांबवते. गुरुदासच्या मागे मात्र ती दिवसभर असते, आणि तो हसतो, एवढ्यावर मी दोन घास जास्त जेवते.

परवा तिने मला विचारले, "नाको परत कधी बंद होतलो?" मी सांगितले की आता कधीच नाही. तिचा विश्वास बसला नाही. ती म्हणाली, "बंद होवच्या आधी माका सांग, माका आजीकडे जावक होया." तिच्या हिशेबात नाका बंद होणार हे ठरलेलेच, आणि त्या दिवशी जो जिथे असेल, तो तिथेच राहणार. मी आधी हसले. मग परसात जाऊन खूप वेळ उभी राहिले.

तुमचे पत्र मी आनंदीला दाखवले नाही. राग मुळीच आला नाही, मीही पूर्वी मनात असेच काहीबाही मागितले आहे, फक्त बाजू उलटी. आता ठरवले आहे ते ऐका. चैत्रात कुमुदला घेऊन मी तोंडवलीला येते, आणि पावसाळा संपेपर्यंत राहते. ह्यांना लक्ष्मी जेवायला घालील. सरकारांचा काय भरवसा? पुन्हा बिनसले तर बिनसू दे. या खेपेला तुमच्या बाजूला मी अडकेन.

माझी खाट तुमच्या खाटेशेजारी घाला, लोभाचे समक्ष बोलू.
तुमची,
यशोदा