नावाच्या रकान्यातली रेघ

१४ मार्च

प्रिय छकुली,

तुला खूप आशीर्वाद. इकडे सगळं ठीक आहे. गुडघा कुरकुरतो, पण माझ्यापेक्षा कमीच. तुझं पत्र ऑफिसच्या पत्त्यावर आलं आणि शिपायाने ते सगळ्यांसमोर हातात दिलं, त्यामुळे दिवसभर "कोणाचं हो, कोणाचं?" चाललं होतं. भाचीचं म्हटल्यावर सगळ्यांचा विरस झाला. पत्रात तू मला 'तुम्ही' म्हटलंस. मामाला कोणी 'तुम्ही' म्हणतं का? पण लग्नकार्यात लांबून पाहिलेल्या मामाला आणखी काय म्हणणार, तेही खरंच.

पुढच्या महिन्यात तुला अठरा पूर्ण होतील आणि नाव बदलायचा अर्ज माझ्याच खिडकीत द्यावा लागेल. त्याआधी तुला नावाचा अर्थ पक्का करून हवाय, कारण 'पहाटेचा पहिला उजेड' असं काही तुला इंटरनेटवर कुठे सापडलं नाही. शिवाय आई त्या नावाने कधी हाकच मारत नाही. एवढी घोडी झालीस तरी छकुलीच!

अर्थ सांगतो. जरा दम धर, मला फाटे फोडायची सवय आहे.

जन्म-मृत्यू नोंदणीच्या खिडकी क्रमांक दोनमागे मी एकतीस वर्षं बसतोय. बाळाचं नाव लिहून घेताना आईबापांना त्याचा अर्थ विचारतो. नियमात नाही ते. मागची रांग चुळबुळ करते, पण मला राहवत नाही. लांबलांबच्या मुलखांतून माणसं इथे राहायला आलेली आहेत, ती सांगतात ते वहीत टिपतो. चार वह्या भरल्या. एका बापाने सांगितलं, आमच्याकडे मूल ज्या वारी जन्मतं त्या वाराचं नाव त्याला मिळतं, वाद घालायला जागाच नाही. एक आजी म्हणाली, आमच्यात जिवंत माणसाचं नाव बाळाला देत नाहीत. तिच्या मागे उभ्या असलेल्या बाईकडे नेमकं उलटं. थोरल्या नातवाला आजोबांचंच नाव, मग आजोबा समोर खुर्चीत पेपर वाचत का बसलेले असेनात! काही लोक बाळाला मुद्दाम दगड, उकिरडा असलं ओंगळ नाव देतात, कोणाची नजर लागू नये म्हणून. एका कुटुंबात फार आजारी माणसाला नवं नाव देत, 'आयुष्य' अशा अर्थाचं, म्हणजे न्यायला येणाऱ्याचा पत्ता चुकावा.

बघ, वह्यांतच रमलो. तुझ्या प्रश्नाला बगल देतोय हे तुझ्या लक्षात आलंच असेल.

तुझ्याआधी तुझ्या आईला एक मुलगा झाला होता, एवढं तुला ठाऊक आहे. त्याचं नाव सातव्या महिन्यातच ठरलं होतं. आईने ते दुपट्यावर रेशमाने भरलंही होतं. तो दोन दिवस जगला. म्हणून तुझ्या वेळी तिने सगळ्यांना बजावून ठेवलं की बाळ सुखरूप घरी येईपर्यंत नावाचा विषय कोणी काढायचा नाही.

तू फार लवकर आलीस. ओंजळीत मावशील एवढी होतीस. तुला काचेच्या पेटीत ठेवलं होतं. तिसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टरांनी मला व्हरांड्यात बाजूला घेतलं आणि म्हणाले, "फार आशा धरू नका." मी तिथून तडक ऑफिसात आलो. आमच्याकडे बिननावाचं मूल गेलं की मृत्यूच्या रजिस्टरमध्ये नावाच्या रकान्यात आडवी रेघ मारतात. अशा कितीतरी रेघा मी पट्टी धरून, नीटनेटक्या मारल्या होत्या. तुझ्यासाठी तशी मारायला माझा हात धजला नसता. मी जन्माचा फॉर्म काढला, नाव लिहिलं, शिक्का मारला. ना तुझ्या आईला विचारलं, ना बाबांना. माहिती देणारा म्हणून सही माझीच.

दीड महिन्याने तू घरी गेलीस आणि त्याच आठवड्यात दाखला घरी पोचला. तुझी आई तो घेऊन आली, इतरांसारखी रांगेत उभी राहिली आणि तिचा नंबर आल्यावर म्हणाली, "दादा, तू माझ्या मुलीच्या मरणाची तयारी करून ठेवलीस." मी म्हटलं, "अगं, अर्थ तर ऐक, पहाटेचा पहिला उजेड!" ती दाखला घेऊन तशीच निघून गेली. त्यानंतर आमचं बोलणं नाही.

तो अर्थ मी तिथल्या तिथे रचला होता. साफ खोटा. तुझं नाव मला खिडकीशी आलेल्या एका बाईकडून कळलं होतं. तिची दोन मुलं गेली होती आणि तिसऱ्याला तिने हे नाव दिलं होतं. तिच्या भाषेत त्याचा अर्थ 'राहा, जाऊ नकोस'. हे खरं सांगितलं असतं तर मी किती घाबरलो होतो ते तुझ्या आईला कळलं असतं. मोठ्या भावाने घाबरायचं नसतं अशी माझी समजूत होती.

तुझ्या आईचं चुकलं नव्हतं. तू जाणार असं मी धरूनच चाललो होतो, आणि त्याची मला आजही लाज वाटते. पण ते नाव लिहिताना तू राहावीस म्हणून माझा जीव तुटत होता. तेही खरं आहे.

अर्ज सोबत पाठवतोय. नव्या नावाची जागा कोरी आहे. या वेळी मी काही भरलेलं नाही. हे पत्र आईला दाखवायचं की नाही, ते तूच ठरव.

तुझ्या तोंडून एकदा 'तू' ऐकायचं राहिलेला,
तुझ्या आईचा घाबरट दादा,
मामा


२ एप्रिल

दादा,

तुझं पत्र तिने ओट्यावर माझ्यासमोर ठेवलं आणि बाहेर निघून गेली. वाचता वाचता भाजी करपली.

तू चुकलासच. मी अजून तेच म्हणेन. पण डॉक्टर तुला काय म्हणाले ते मला आजवर कोणी सांगितलं नव्हतं. अठरा वर्षं ते एकटाच घेऊन बसलास. घाबरला होतास तर माझ्याजवळ येऊन घाबरायचं होतंस. मी दुसरं काय करत होते? त्या पेटीच्या काचेला तोंड लावून दिवसभर तिला 'राहा गं, राहा' म्हणत होते.

अर्ज परत पाठवतेय. ती म्हणाली, "नाव बदलायचं होतं ते या घरात कोणी वापरतच नाही म्हणून. आधी तू वापरून तर बघ." रविवारी आम्ही दोघी येतोय. गुडघ्याची नाटकं करू नकोस.

परवा मी तिला पहिल्यांदा तिच्या नावाने हाक मारली. तीनदा मारावी लागली, आपल्यालाच बोलावतायत हे पोरीच्या ध्यानात येईना. मग आली.

तुझी,
धाकटी