रक्त अळणी होतं तेव्हा

प्रिय ताई,

मी पिऊन पडलो नव्हतो. तू फोन आपटलास, आता उचलतही नाहीस, वर मुकादमालाही नाही नाही ते बोललीस, म्हणून कागद घेऊन बसलोय. सुया टोचून हात सुजलाय, अक्षर चालवून घे. मी तुला फोनवर आई म्हणालो, गाडी चुकली म्हणून रडलो, यातलं मला काहीही आठवत नाही.

झालं असं. काच वितळवायच्या भट्टीसमोर अंगातून घामाच्या धारा लागतात. जुनी माणसं दर दोन तासांनी भट्टी सोडतात आणि पिंपातलं मीठ-साखरेचं पाणी पीत बसतात. मला कुठला दम? आजाऱ्यांचं पाणी म्हणून मी त्यांची टर उडवली आणि उभ्या उभ्या साध्या पाण्याच्या बाटल्या रिचवत राहिलो. डोकं दुखलं, आणखी पाणी. उलटी झाली, आणखी पाणी. तुला फोन लावला तो याच भ्रमात असणार. शेवटी झटका आला आणि जीभ चावून आडवा झालो. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, घामावाटे मीठ गेलं, वरून तू नुसतं पाणी ओतलंस, रक्त अळणी झालं. रक्तातलं सोडियम एकशे पस्तीसच्या वर हवं, माझं एकशे पंधरा.

शुद्धीवर आल्यावर म्हटलं, मग चढवा की मीठ भसाभस, मला कामावर जायचंय. बाई केवढ्यांदा ओरडल्या! झटका थांबवायला थोडं पटकन दिलं होतं, पण पुढचं सावकाशच. घाई केली तर मेंदूला कायमची इजा होते म्हणे. दर चार तासांनी रक्त काढायचे. ताई, मी तीन दिवस एका जागी पडून होतो, मी! दोनदा सलाईनचं चाक फिरवायला गेलो, तर सिस्टर म्हणाली, हात खाटेला बांधीन.

शेजारच्या खाटेवर एक म्हातारे मास्तर होते. पोराला पोस्टमन समजायचे, टपाल मागायचे. सून म्हणे, वय झालं. पण त्यांना बीपीसाठी लघवी होणारी गोळी चालू होती, आणि त्यांचंही सोडियम उतरलेलं निघालं. चौथ्या दिवशी उठून बसले आणि पोराला म्हणाले, गाढवा, दाढी कधी करणार? सगळा वॉर्ड हसला. मला हसता येईना.

अप्पांना बीपीची नवी गोळी चालू होऊन दोन महिने झाले ना? तेव्हापासूनच त्यांच्या पायांत गोळे येतात, तोल जातो, तुला आत्याच्या नावानं हाक मारतात. तू डॉक्टरांचं ऐकून त्यांचं जेवण अळणी केलंस, तुझी चूक नाही. मी म्हणतोय तेच असेल असंही नाही. पण मागच्या महिन्यात अप्पांनी मला फोनवर विचारलं, कोण बोलताय आपण? मला वाटलं, घर सोडल्याचा राग अजून आहे. मीही तोऱ्यात फोन ठेवला. ताई, रागावलेले अप्पा मला शिव्या देतात गं, अहो-जाहो करत नाहीत. पत्र मिळेल त्याच दिवशी त्यांना घेऊन जा. रक्तातलं सोडियम आणि पोटॅशियम दोन्ही तपासून घे, गोळीचं पाकीट डॉक्टरांना दाखव. आपल्या मनानं गोळी बंद करू नकोस, चमच्यानं मीठही भरवू नकोस. दवाखान्यात ठेवा म्हणाले तर तिथल्या तिथे ठेव, मला विचारत बसू नकोस. सोबत पाठवतोय, चार हजार दोनशे.

तुझाच,
भोवरा